डॉक ब्राउनची तीस वर्षं : पासाडेना ते जेम्सटाउन

गुरुवार, पासाडेना

'बॅक टू द फ्यूचर' या कालप्रवासावरच्या तीन चित्रपटांमधल्या डॉकचं, म्हणजे डॉ. एमेट लॅथ्रॉप ब्राउनचं आयुष्य सनावळीनं सांगायला घेतलं की गुंता होतो. १८८५ मध्ये तो लोहारकाम करतोय, १९५५ मध्ये मोठ्या बंगल्यात राहतोय आणि १९८५ मध्ये एका गॅरेजात. म्हणून लॉस एंजेलिसला राहणाऱ्या भाच्याबरोबर हा प्रवास ठरवताना मी अट घातली, की जायचं ते डॉकच्या वयाच्या क्रमानं. आधी त्याचं घर, मग घड्याळाचा मनोरा, मग गॅरेज, मग मॉलचं पार्किंग आणि सगळ्यात शेवटी उत्तरेकडची आगगाडी. भाचा म्हणाला, "मावशी, म्हणजे १८८५ सगळ्यात शेवटी?" हो, कारण तिथे पोचेपर्यंत डॉकचे केस पांढरे झालेले असतात.

मी साताऱ्याला कनिष्ठ महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवायचे. कालप्रवासाचा विषय निघाला की मुलं डॉकनं कालयंत्र बनवलेल्या त्या डीलोरियन गाडीबद्दल विचारायची. मला कुतूहल वाटायचं ते १९५५ ते १९८५ या मधल्या काळाचं. चित्रपटात ती वर्षं नाहीतच. डॉकचा शाळकरी मित्र मार्टी १९८५ मध्ये त्या गाडीत बसतो आणि क्षणात तीस वर्षं मागे जातो. डॉकनं मात्र ती आपण काढतो तशीच काढली, रोज सकाळी उठून, रोज रात्री झोपून. त्या वर्षांच्या खुणा कुठे दिसतात का, ते बघायला मी निघाले होते.

डॉकचं १९५५ मधलं घर म्हणजे पासाडेनामधलं गँबल हाउस. चित्रपटात ते फक्त बाहेरून दिसतं. चार्ल्स आणि हेन्री ग्रीन या वास्तुरचनाकार भावांनी ते १९०८ मध्ये बांधलं, साबण विकून मोठ्या झालेल्या प्रॉक्टर अँड गँबल कंपनीच्या डेव्हिड गँबल यांच्यासाठी. ओहायोच्या थंडीतून सुटून हिवाळा इथे काढायचा, म्हणून हा बंगला. तिसऱ्या भागात डॉक मार्टीला सांगतो, की त्याचं घराणं हिल व्हॅलीत, म्हणजे कथेतल्या त्यांच्या गावात आलं ते १९०८ मध्येच. तेव्हा त्यांचं आडनाव फॉन ब्राउन होतं आणि पहिल्या महायुद्धाच्या वेळी वडिलांनी ते बदललं. खऱ्या घराचं आणि कथेतल्या घराण्याचं साल एकच निघावं, याचा मला फार आनंद झाला.

आत गेल्यावर मी डॉकला काही वेळ विसरलेच. दारातून पाऊल टाकलं की समोरचा सगळा दिवाणखाना सागाचा, आणि तोही ब्रह्मदेशचा साग. आमच्या वाड्याच्या तुळया ज्या लाकडाच्या, त्याच जातीचं लाकूड पॅसिफिकच्या पलीकडे या घरात हाताच्या स्पर्शानं गुळगुळीत झालेलं. जिन्याच्या पायऱ्या एकमेकींत बोटं गुंतवल्यासारख्या बसवल्या आहेत. कोपरे धारदार ठेवलेले नाहीत, प्रत्येक कड हातानं गोल केली आहे. स्क्रू आहेत, पण ते लाकडी खुंट्यांच्या मागे झाकलेले. मुख्य दाराच्या रंगीत काचांत एक पसरलेलं झाड आहे आणि बाहेरचं ऊन त्यातून आत येतं. ग्रीन बंधूंनी घराबरोबर दिवे, टेबलं, खुर्च्यासुद्धा आखल्या. वरच्या मजल्यावर रात्री मोकळ्या हवेत झोपायला सज्जे आहेत.

मार्गदर्शक बाईंनी एक गोष्ट सांगितली. गँबल कुटुंबानं एकदा हे घर विकायचं ठरवलं होतं. बघायला आलेलं गिऱ्हाईक आपसात बोलत होतं, की हे सगळं लाकूड पांढऱ्या रंगानं रंगवून घेऊ. ते कानावर पडताच घरातल्या सुनेनं विक्रीचा विचारच सोडला. पुढे १९६६ मध्ये कुटुंबानं घर पासाडेना शहराला दिलं. तेव्हा ते दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या वास्तुकला विभागाशी जोडलं गेलं.

कथेतल्या बंगल्याचं मात्र उलटं झालं. पहिल्या भागाच्या सुरुवातीला डॉकच्या गॅरेजात कॅमेरा फिरतो, तेव्हा भिंतीवरच्या वर्तमानपत्रांच्या कात्रणांत दिसतं, की ब्राउन बंगला जळाला आणि जमीन विकासकांना विकली गेली. आग लागली १९६२ मध्ये. खरं घर शहराच्या हाती सुरक्षित गेलं, त्याच्या चारच वर्षं आधी डॉकचं घर राख झालं.

ज्या कल्पनेसाठी हे सगळं गेलं, ती त्याला याच घरात सुचली. ५ नोव्हेंबर १९५५ ला न्हाणीघरात कमोडवर उभं राहून भिंतीला घड्याळ टांगताना पाय घसरला, डोकं बेसिनवर आपटलं आणि शुद्धीवर येताना डोळ्यांपुढे कालप्रवास शक्य करणाऱ्या भागाची, तीन फाट्यांची एक आकृती उभी राहिली. फ्लक्स कपॅसिटर. तेवढं एक चित्र हातात घेऊन तो कामाला लागला.

दुपारी जवळचंच ब्लॅकर हाउस रस्त्यावरून पाहिलं. तेही ग्रीन बंधूंचं, १९०७ चं. डॉकच्या घराच्या आतली दृश्यं तिथली आहेत. आता ते खाजगी घर आहे, म्हणून समोरच्या फुटपाथवरून बघून आम्ही निघालो. गँबल हाउसच्या गॅरेजात पुस्तकांचं दुकान आहे. तिथून ग्रीन बंधूंवरचं एक जाडजूड पुस्तक घेतलं आणि रात्री झोपेपर्यंत चाळत बसले.

शुक्रवार, युनिव्हर्सल स्टुडिओ

हिल व्हॅलीचा चौक हा स्टुडिओच्या मागच्या आवारातला कायमचा सेट आहे. ट्रॅममधून जाताना तो डाव्या-उजव्या बाजूंना सरकत जातो आणि बघायला मिनिटं जेमतेम मिळतात. घड्याळाचा मनोरा असलेली कोर्टाची पांढरी इमारत समोर आली तेव्हा मला सभोवती कोण आहे याचंही भान राहिलं नाही.

ही इमारत दोन मोठ्या आगींतून वाचली आहे, एक १९९० ची आणि दुसरी १ जून २००८ ची. दुसऱ्या आगीत न्यूयॉर्कचे रस्ते जळाले, किंग काँगचा खेळ जळाला, चौकाचाही भाग गेला. कोर्ट उभं राहिलं.

१२ नोव्हेंबर १९५५, शनिवार, रात्री दहा वाजून चार मिनिटं. या वेळी मनोऱ्यावर वीज पडणार हे डॉकला मार्टीनं आणलेल्या पत्रकावरून कळलेलं असतं. गाडीला हव्या असतात १.२१ गिगावॅट, म्हणजे १,२१० मेगावॅट. आकडा ऐकून तो हबकतो आणि आतल्या खोलीत जाऊन एडिसनच्या तसबिरीशी बोलू लागतो. आमच्याकडची मुलं हा आकडा विचारायची तेव्हा मी कोयनेवर नेऊन सांगायचे. कोयना प्रकल्पाची सगळी वीजगृहं मिळून स्थापित क्षमता १,९६० मेगावॅट. डॉकला हवी होती त्यातली साठ टक्क्यांहून थोडी जास्त, पण एका क्षणापुरती. विजेच्या लोळात शक्ती तेवढी असते, ती मिळते मात्र सेकंदाच्या अगदी लहान अंशापुरती. अवघड काम शक्ती मिळवण्याचं नाही, वेळ गाठण्याचं आहे. गाडी ताशी ८८ मैलांवर, म्हणजे सुमारे १४२ किलोमीटरवर, त्याच क्षणी मनोऱ्यापासून रस्त्यावर ताणलेल्या तारेखाली यायला हवी.

आणि इथे डॉक काय करतो? टेबलावर चौकाची लहान प्रतिकृती करतो. ती मापात नाही, रंगवायला वेळ मिळाला नाही, म्हणून मार्टीची माफी मागतो. आयुष्यातला सगळ्यात मोठा प्रयोग दारात उभा असताना प्रतिकृती प्रमाणात नसल्याची खंत ज्याला वाटते, तो माणूस माझ्या मनात त्या दृश्यापासून पक्का बसला. प्रयोगवही स्वच्छ ठेवणाऱ्या विद्यार्थ्याला मी कायम जास्त मार्क दिले आहेत.

दिग्दर्शक रॉबर्ट झेमेकिस आणि त्याचा सहलेखक बॉब गेल यांनी आधी १९५५ ची दृश्यं चित्रित केली. चौक नीटनेटका, दुकानं उजळ, मधे हिरवळ. ती आटोपल्यावर त्याच चौकाची कळा घालवली, भिंती मळवल्या आणि १९८५ उभं केलं. म्हणजे डॉकची ती तीस वर्षं या चौकात कला विभागाच्या कामगारांनी हातानं चढवली आहेत. भाच्याला मी हे सांगितलं तर तो इमारतींच्या भिंतीच बघत बसला.

वीज पडल्यावर घड्याळ बंद पडतं आणि १९८५ पर्यंत बंदच राहतं. डॉक त्याच गावात राहिला. कामाला चौकात आला की वर बघायचा असेल आणि काटे दहा वाजून चार मिनिटांवर असायचे. गावाला ते बिघडलेलं घड्याळ वाटायचं. त्याला एकट्याला माहीत होतं, की त्या मिनिटाला काय घडलं.

डॉकवर बेतलेला इथला खेळ २००७ मध्ये बंद झाला, पण डीलोरियन गाडीभोवती फोटो काढणाऱ्यांची गर्दी आहेच. दहा-बारा वर्षांची एक मुलगी वडिलांना फ्लक्स कपॅसिटर समजावून सांगत होती, आणि बरोबर सांगत होती.

शनिवार, बरबँक, विल्शर आणि मॉल

आजचा दिवस मी मनात धरून ठेवला होता. बरबँकला व्हिक्टरी बुलेव्हार्डवर एक बर्गर किंग आहे. चित्रपटात डॉकचं १९८५ मधलं गॅरेज त्याच्या शेजारी दिसतं. गॅरेज चित्रीकरणापुरतं उभारलेलं होतं, आता तिथे नुसतं पार्किंग आहे. सकाळी आम्ही कॉफी घेऊन तिथेच थांबलो.

पासाडेनाच्या त्या बंगल्यापासून ही जागा वीसेक किलोमीटरवर. कथेत मात्र दोन्ही एकाच ठिकाणी आहेत. बंगला जळाला, जमीन तुकड्यातुकड्यानं गेली, भोवती दुकानं आली आणि राहिलं ते गॅरेज. डॉक तसूभर हलला नाही. त्याच्याभोवतीची जमीनच आक्रसत गेली. काल-परवा पाहिलेला साग, रंगीत काचा, सज्जे हे सगळं डोळ्यांपुढे आणून मग या डांबराकडे बघितलं, तेव्हा खानदानी संपत्ती प्रयोगात घातली या डॉकच्या वाक्याचा अर्थ मला खरोखर समजला.

गॅरेजातलं पहिलंच दृश्य आठवा. भिंतभर घड्याळं टिकटिकतायत. कुत्र्याला खाणं घालणारं आपोआप चालणारं यंत्र भरलेल्या ताटलीवर आणखी खाणं ओततंय, कारण मालक घरी नाही. पलंगाखाली प्लुटोनियमची पेटी. नंतर कळतं, की ती सगळी घड्याळं बरोबर पंचवीस मिनिटं मागे आहेत आणि डॉक त्यानं खूश आहे, कारण प्रयोग साधला. माणूस एकटा आहे, जवळ फक्त कुत्रा. १९५५ मधल्या कुत्र्याचं नाव कोपर्निकस, १९८५ मधल्याचं आइनस्टाइन. गाव त्याला वेडा समजतं. मार्टीच्या शाळेतले मास्तर त्याच्यापासून दूर राहायला सांगतात. मास्तरांची जात माझी, म्हणून ते मला जास्त लागतं.

आता मी जे सांगणार आहे ते माझं मत आहे आणि मी ते ठामपणे मांडते. डॉकनं ही तीस वर्षं दोनदा काढली. पहिल्यांदा, मार्टी मागे जाण्याआधीच्या काळात, त्याच्याकडे न्हाणीघरात दिसलेल्या एका चित्रापलीकडे काहीच नव्हतं. पुरावा नाही, भविष्यातून कोणी आलेलं नाही, यंत्र चालेल असं सांगणारं कोणी नाही. दुसऱ्यांदा, मार्टी येऊन गेल्यावर, त्याला चालणारं यंत्र प्रत्यक्ष दिसलं होतं आणि मार्टीनं इशारा द्यायला लिहिलेलं, पण त्यानं आधी फाडलेलं पत्र चिकटवून तो स्वतःच्या मरणाची तारीखही जाणत होता. चित्रपट आपल्याला दुसऱ्या डॉकची धडपड दाखवतो आणि मॉलमध्ये कोटाखालून निघणाऱ्या पिवळ्या पडलेल्या पत्रानं आपले डोळे भरून येतात. माझा नमस्कार पहिल्याला. घर जळालं त्या १९६२ च्या रात्री त्या पहिल्या माणसाकडे दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा टेबलाशी बसायला कुठलंही कारण नव्हतं, आणि तो बसला.

भाचा म्हणाला, "पण मावशी, दुसऱ्याचं अवघड होतं. त्याला गाडीची वाट बघायची होती." हे माझ्या लक्षात आलं नव्हतं आणि ते खरंच आहे. मार्टी १९५५ मध्ये डीलोरियन घेऊन आला. ती गाडी बनवणारी कंपनी तेव्हा अस्तित्वातच नव्हती.

म्हणून विल्शर बुलेव्हार्डवरच्या पीटरसन मोटार संग्रहालयात ती गाडी मी वेगळ्या नजरेनं पाहिली. चित्रीकरणातली ही मुख्य गाडी. खराब झाली होती, ती पुन्हा काळजीपूर्वक दुरुस्त करून इथे ठेवली आहे. जॉन डीलोरियन यांच्या कंपनीचा कारखाना उत्तर आयर्लंडमध्ये बेलफास्टजवळ डनमरीला होता. गाड्या बाहेर पडू लागल्या १९८१ मध्ये आणि पुढच्याच वर्षी कंपनी बुडाली. एकूण गाड्या नऊ हजारांच्या आसपास. डॉकनं पंचवीस-सव्वीस वर्षं ज्या गाडीची वाट पाहिली, ती जेमतेम दोन वर्षं बनली.

आकार इटालियन रचनाकार जॉर्जेतो जुजारोचा. बाहेरून रंग नाही, स्टेनलेस स्टीलचा घासलेला पत्रा. बोटाचे ठसेही उमटतात. दारं पंखांसारखी वर उघडतात. इंजिन मागे, ताकद सुमारे १३० अश्वशक्ती, म्हणजे रूपाच्या मानानं फार नाही. त्या काळच्या अमेरिकी नियमामुळे मूळ गाडीचा वेगमापक फक्त ८५ मैलांपर्यंतच दाखवायचा, म्हणून चित्रपटासाठी तो बदलावा लागला. आत डॅशबोर्डवर तीन ओळी: जायची तारीख लाल, चालू तारीख हिरवी, निघाल्याची तारीख पिवळी. दोन सीटांच्या मागे तारांचं जंगल, आणि मधोमध काचेच्या पेटीत तो तीन फाट्यांचा दिवा. सुरुवातीच्या खर्ड्यांत कालयंत्र म्हणजे एक फ्रिज होता. मुलं बघून फ्रिजमध्ये शिरतील या भीतीनं तो काढला. बरं झालं. फ्रिज जागेवर राहतो, गाडीला रस्ता लागतो, वेग लागतो, समोर भिंत असेल तर धोका पत्करावा लागतो.

डॉकची भूमिका करणारा क्रिस्टोफर लॉइड तेव्हा सेहेचाळीस वर्षांचा होता. आइनस्टाइन आणि वाद्यवृंदाचा संचालक लिओपोल्ड स्टोकोव्हस्की या दोघांवरून त्यानं डॉक घडवला. हातवारे बघितले की स्टोकोव्हस्की कुठे आहे ते कळतं.

संध्याकाळी सिटी ऑफ इंडस्ट्री. चित्रपटातला ट्विन पाइन्स मॉल म्हणजे इथला प्वेंते हिल्स मॉल. तो १९७४ मध्ये सुरू झाला आणि आता जवळजवळ ओस पडला आहे. पार्किंगच्या पट्ट्यांत गवत उगवलंय. २६ ऑक्टोबर १९८५ च्या पहाटे, सव्वा वाजल्यानंतर, डॉक इथे आपला पहिला प्रयोग करतो. दोन घड्याळं जुळवलेली; एक आइनस्टाइनच्या गळ्यात, एक हातात. प्रयोगाला क्रमांक, व्हिडिओ कॅमेरा सुरू. गाडी ८८ ला पोचते, नाहीशी होते आणि बरोबर एका मिनिटानं परत येते. कुत्र्याचं घड्याळ एक मिनिट मागे.

वर्गात मी या दृश्याशेजारी नेहमी एक खरा प्रयोग ठेवायचे. ऑक्टोबर १९७१ मध्ये जोसेफ हेफेली आणि रिचर्ड कीटिंग या दोन शास्त्रज्ञांनी चार सीझियम आण्विक घड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली, एकदा पूर्वेकडे, एकदा पश्चिमेकडे, आणि ती वॉशिंग्टनच्या नौदल वेधशाळेतल्या घड्याळांशी ताडून पाहिली. पूर्वेकडे गेलेली सरासरी ५९ नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. सापेक्षतेचा सिद्धांत सांगतो त्याला धरूनच हे आकडे होते. रचना डॉकचीच: एक घड्याळ प्रवासाला, एक घरी, आणि परतल्यावर शेजारी ठेवून बघायचं. पार्किंगमध्ये उभं राहून मी भाच्याला हे पुन्हा शिकवलं आणि त्यानं शहाण्या मुलासारखं ऐकून घेतलं. मग आर्टिशियाला पायोनिअर बुलेव्हार्डवर जाऊन गरम जेवलो.

रविवार, रस्ता

सकाळी लवकर निघून उत्तरेकडे. टेहोन खिंड ओलांडली की मधलं मोठं खोरं लागतं; बेकर्सफील्ड, फ्रेझ्नो, मर्सेड. बदामाच्या बागा, द्राक्षांचे मांडव, कालवे. उन्हाचा रखरखाट आणि सरळ रस्ता, सांगण्यासारखं फार नाही. मी घरून आणलेल्या दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी भाच्यानं गाडी चालवतच संपवली.

मर्सेडनंतर रस्ता टेकड्यांत चढतो आणि रेड हिल्स लागतात. तिथली माती सर्पेंटाइन खडकाची, नापीक, त्यामुळे झाडी विरळ आणि राखट. १८८५ ची हिल व्हॅली याच भागात बांधली होती. तिसरा भाग १९९० चा, पण गाव त्यानंतरही उभं राहिलं होतं. १९९६ मध्ये वीज पडून आग लागली आणि ते जळून गेलं.

हे वाचलं तेव्हा मी क्षणभर थांबले होते. विजेनं १९५५ मध्ये मार्टीला घरी पाठवलं. त्याच रात्री विजेनंच डॉकला गाडीसकट १ जानेवारी १८८५ ला नेऊन टाकलं. आणि त्याचं तिथलं गाव खऱ्या विजेनं नेलं. आता तिथे बघण्यासारखं काही उरलेलं नाही, जमीन खाजगी आहे, तरी भाच्यानं गाडी रस्त्याच्या कडेला घेतली आणि आम्ही ती उतरण पाहून घेतली.

सोमवार, जेम्सटाउन

रेलटाउन १८९७ हे राज्य उद्यान म्हणजे सिएरा रेल्वेची जुनी कार्यशाळा. गोलाकार इंजिनघर, मधे टर्नटेबल, तेलाचा आणि जुन्या लोखंडाचा वास. तीन नंबरचं इंजिन इथे राहतं. तिसऱ्या भागात १३१ हा आकडा लावून त्यानंच डॉकची गाडी ढकलली.

१८८५ मध्ये डॉक लोहार होता हे मला या चित्रत्रयीतलं सगळ्यात योग्य वाटतं. पेट्रोल नाही, वीज नाही, गाडीची इंधननळी फुटलेली. आधी घोडे जुंपून पाहिले, मग दारू घालून पाहिली आणि इंजिनच उडालं. त्या सालात ताशी ८८ मैलांच्या जवळपास जाऊ शकणारं एकच यंत्र आहे, आगगाडी. हातात जे आहे त्यातून वाट काढायची त्याची रीत इथेही तीच: पुन्हा टेबलावर प्रतिकृती, पुन्हा माफी. पडद्यावर दरीत कोसळतं तेही इंजिनाचं लहान प्रारूपच आहे. डॉकला ते आवडलं असतं.

इंजिनघरातल्या स्वयंसेवकानं आम्हाला बराच वेळ दिला. पुढे चार लहान चाकं, मागे सहा मोठी चालती चाकं, न्यूजर्सीतल्या पॅटरसनच्या रॉजर्स कारखान्याचं काम. 'हाय नून'सारखे कितीतरी चित्रपट या इंजिनानं केले. बरीच वर्षं बंद राहिलं, नवा बॉयलर बसवावा लागला आणि २०१० मध्ये पुन्हा वाफेवर आलं. मग त्यानं बांधणीचं साल सांगितलं: १८९१.

भाच्यानं माझ्याकडे पाहिलं. कथेत या इंजिनानं ढकलण्याची तारीख ७ सप्टेंबर १८८५. म्हणजे इंजिन स्वतःच सहा वर्षं पुढून आलेलं. स्वयंसेवक म्हणाला, हे विचारणारे तुम्ही पहिले नाही, पण इतक्या आनंदानं विचारणारे कमी.

मला शेवटचं एक विचारायचं होतं. डॉक १८८५ मध्ये राहिला, शाळामास्तरीण क्लाराशी लग्न केलं आणि काही वर्षांनी नवं कालयंत्र घेऊन आला, ते आख्खं आगगाडीचं इंजिन. बरोबर क्लारा आणि दोन मुलगे, ज्यूल्स आणि व्हर्न. मुलं चांगली मोठी झालेली, म्हणजे ही वर्षंही बरीच. ती वर्षंसुद्धा पडद्यावर नाहीत. मी विचारलं, एका लोहाराला आपल्या लोहारशाळेत असं इंजिन जमवता येईल का?

"लोहाराला?" स्वयंसेवक हसला नाही, त्यानं नीट विचार केला. ऐरण आहे, भाता आहे, भाग कापता आणि वळवता येतील. पण रिव्हेट एकट्यानं बसत नाही. एकानं तो भट्टीत लाल करायचा, दुसऱ्यानं चिमट्यात झेलून भोकात घालायचा, तिसऱ्यानं मागून जड लोखंडानं दाबून धरायचा आणि चौथ्यानं पुढून हातोडा मारायचा, तोही रिव्हेट निवायच्या आत. बॉयलरवर त्यानं बोट फिरवून रिव्हेटांच्या रांगा दाखवल्या.

गॅरेजातल्या त्या तीस वर्षांत डॉकजवळ एक कुत्रा होता. इथे घरात दुर्बिणीतून चंद्र बघणारी, ज्यूल व्हर्न वाचणारी बायको होती.

भाचा बोटांवर मोजत होता. "डॉक, क्लारा, ज्यूल्स, व्हर्न. मावशी, चौघं झाले की!"